एक लाख अठ्ठावीस हजार नोडमध्ये काय मावतं?

(सार्वजनिक व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याचा ओघ तसाच ठेवला आहे. शेवटी श्रोत्यांचे दोन प्रश्न आहेत.)

सुरुवातीलाच हात वर करायला सांगतो. मॉडेल तयार केलं, मेशिंग केलं, भार लावले, आधार दिले, सॉल्व्हचं बटण दाबलं, आणि समोर पाटी आली की तुमचा प्रश्न परवान्याच्या मर्यादेपेक्षा मोठा आहे. असं किती जणांचं झालंय? ... बरेच हात आहेत. त्यातले निम्मे तरी प्रोजेक्ट जमा करायच्या आदल्या रात्रीचे असणार.

ज्यांचा या विषयाशी रोजचा संबंध नाही, त्यांच्यासाठी दोन मिनिटं. यंत्राचा भाग भाराखाली किती वाकेल, कुठे तुटेल, हे संगणकावर काढायचं तर आपण त्या भागाचे छोटे छोटे तुकडे पाडतो. तुकडा म्हणजे एलिमेंट. तुकडे जिथे एकमेकांना जोडले जातात ते बिंदू म्हणजे नोड. प्रत्येक नोड किती सरकला, हे अज्ञात. घन भागात एका नोडला तीन अज्ञातं, कारण तो तीन दिशांना सरकू शकतो. या सगळ्याची मिळून जी जाळी होते ती मेश. सॉफ्टवेअर विकणारी कंपनी विद्यार्थ्यांना फुकट आवृत्ती देते, पण सांगते की जाळी एवढीच मोठी चालेल. अॅन्सिसच्या विद्यार्थी आवृत्तीत स्ट्रक्चरल प्रश्नांसाठी ही हद्द १,२८,००० नोड किंवा एलिमेंटची आहे. अबॅकसच्या विद्यार्थी आवृत्तीत ती कित्येक वर्षं फक्त १,००० नोडची होती. हो, एक हजार. तरीही लोक त्यात शिकले.

१,२८,००० नोड म्हणजे ३,८४,००० अज्ञातं. आजचा बरा लॅपटॉप एवढं गणित काही मिनिटांत सोडवतो. म्हणजे ही हद्द यंत्राच्या ताकदीची नाही, ती व्यापाराची आहे. कंपनीला पूर्ण परवाना विकायचा आहे, आणि त्यात गैर काही नाही. मात्र हद्द आडवी आली की आपण काय करतो, हे बघण्यासारखं असतं. बहुतेक जण एलिमेंटचा आकार २ मिलिमीटर होता तो ४ करतात. तरी बसलं नाही, की ६. एकदाची पाटी यायची थांबते, रंगीत चित्र येतं, ते रिपोर्टात चिकटवलं जातं. त्या चित्रातला लाल भाग खरा किती, हे मात्र कुणी विचारत नाही.

अंथरूण पाहून पाय पसरावेत, ही म्हण इथे अर्धीच लागू पडते. पाय आखडून घ्यायचे हे खरं, पण कुठला पाय, हे गणिताला विचारून ठरवायचं. सगळीकडे सारखी काटकसर हा सगळ्यात वाईट मार्ग आहे.

एक उदाहरण घेऊ. ते मी फळ्यावर शेवटपर्यंत ठेवणार आहे.

२०० मिलिमीटर लांब, १०० रुंद, १० जाड अशी पोलादी पट्टी. मधोमध २० मिलिमीटर व्यासाचं भोक. दोन्ही टोकांना ओढतोय. भोकापासून दूर, पट्टीत १०० मेगापास्कल ताण आहे. प्रश्न: भोकाच्या कडेला ताण किती?

सरधोपट मार्ग काय? एक मिलिमीटरचे घन तुकडे सगळीकडे. लांबीत २००, रुंदीत १००, जाडीत १०. झाले दोन लाख एलिमेंट. नोड २०१ गुणिले १०१ गुणिले ११, म्हणजे २,२३,३११. भोकातले वजा केले तरी दोन लाख वीस हजारांच्या आसपास. पाटी आली.

आता थांबा आणि पट्टीकडे बघा. जाडीच्या दिशेने काही घडतंय का? भार पट्टीच्या पातळीत आहे, दोन्ही पृष्ठभाग मोकळे आहेत. जाडीनुसार भोकाजवळ ताणात थोडा फरक पडतो, तो आपल्याला सध्या नकोय. मग हा प्रश्न द्विमितीय झाला, याला प्लेन स्ट्रेस म्हणतात. नोड २०१ गुणिले १०१, म्हणजे २०,३०१. एका फटक्यात अकरा पट कमी.

पुढे. डावा भाग आणि उजवा भाग सारखा. वरचा आणि खालचा सारखा. आकारही, भारही. म्हणून पाव पट्टी घेतली तरी उत्तर तेच. सममितीच्या रेषेवर एकच अट घालायची: नोड रेषेच्या आडवे सरकायचे नाहीत. नोड १०१ गुणिले ५१, ५,१५१.

आणि आता शेवटचं. भोकाच्या कडेला ताण झपाट्याने बदलतो, पट्टीच्या टोकाला जवळजवळ बदलतच नाही. मग टोकाला एक मिलिमीटरचे तुकडे कशाला? ज्यांनी लेव्हलिंग केलंय त्यांना हे लगेच कळेल. सपाट माळावर आपण लांब लांब अंतरावर उंची मोजतो, आणि घाटात पावला-पावलाला. इथे भोक हा घाट आहे. कडेला अर्धा मिलिमीटर, तिथून हळूहळू मोठे करत टोकाला आठ-दहा मिलिमीटर. नोड काहीशेच उरतात. म्हणजे अबॅकसच्या त्या हजार नोडच्या अंथरुणातही ही पट्टी ऐसपैस झोपते. आणि गंमत अशी की कडेचे तुकडे आता पहिल्यापेक्षा बारीक आहेत. दोन लाख वीस हजारांचं मॉडेल काहीशे नोडवर आलं आणि जिथे उत्तर हवं होतं तिथे अचूकता वाढली.

हे उदाहरण मुद्दाम निवडलं, कारण याचं उत्तर कागदावर माहीत आहे. अनंत रुंदीच्या पट्टीसाठी किर्श नावाच्या जर्मन अभियंत्याने १८९८ मध्ये सिद्ध केलं की भोकाच्या कडेला ताण तिप्पट होतो. आपली पट्टी अनंत नाही, भोक रुंदीच्या एक पंचमांश आहे. अशा पट्ट्यांसाठी हँडबुकात जे सूत्र मिळतं त्याने साधारण ३१४ मेगापास्कल येतात. तुमच्या जाळीने २७० दिले, तर सॉफ्टवेअर पाटी न दाखवताही चुकलंय.

पण कामावर कागदी उत्तर हाताशी नसतं. मग काय? एकच प्रश्न तीन जाळ्यांवर सोडवा, प्रत्येक वेळी तुकडा निम्मा करून. समजा उत्तरं आली २९०, ३०८ आणि ३१२.५. आकडे मी सोयीचे घेतलेत, रीत बघा. पहिला फरक १८, दुसरा ४.५. दर वेळी फरक एक चतुर्थांश होतोय. पुढचा फरक १.१ च्या आसपास असणार, त्याच्या पुढचा ०.३. हे सगळे मिळवत गेलात तर बेरीज होते १.५. म्हणजे जाळी बारीक करत करत अनंतापर्यंत गेलो असतो तर ३१४ वर पोचलो असतो. याला रिचर्डसनचं एक्स्ट्रापोलेशन म्हणतात. तिसऱ्या जाळीने हद्द ओलांडली, तर पहिल्या दोन अजून जाड घ्या, पण तीन करा. हद्दीला टेकलेल्या एकाच मोठ्या मॉडेलपेक्षा हद्दीच्या आतली तीन मॉडेलं जास्त सांगून जातात, असं माझं ठाम मत आहे.

फरक कमी न होता वाढतच गेले तर? बहुतेक वेळा तिथे आतला कोपरा अगदी धारदार, शून्य त्रिज्येचा काढलेला असतो. त्या बिंदूवर गणिती ताण अनंत आहे. जाळी जेवढी बारीक, तेवढा आकडा मोठा, याला अंत नाही. पूर्ण परवाना विकत घेऊनही तो आकडा स्थिर होणार नाही. तिथे खऱ्या भागात जी गोलाई आहे ती काढा, किंवा त्या बिंदूचा ताण वाचू नका.

आता एक सापळा. हद्दीत बसवण्यासाठी लोक एलिमेंटचा प्रकार बदलतात. चार नोडचा टेट्रा आणि दहा नोडचा टेट्रा. दहा नोडच्यात प्रत्येक कडेच्या मध्यावर एक जादा नोड असतो. मध्यावरचे नोड काढून टाकले की नोडची संख्या धाडकन खाली येते आणि मॉडेल बसतं. पण चार नोडच्या टेट्रात ताण पूर्ण तुकडाभर एकच असतो, त्याला नीट वाकताच येत नाही. वाकणाऱ्या भागात तो खोटा ताठपणा दाखवतो. ब्रॅकेट प्रत्यक्षापेक्षा कमी वाकताना दिसतो, ताण कमी दिसतो, आणि रिपोर्टात लिहिलं जातं की डिझाइन सुरक्षित आहे. नोड वाचवायचेत तर भूमिती कमी करा. एलिमेंटची प्रत कमी करू नका.

भूमिती कमी करायची म्हणजे काय? कॅडमधून आलेल्या मॉडेलवर कंपनीचं नाव कोरलेलं असतं, बोल्टवर आटे असतात, अर्ध्या मिलिमीटरच्या गोलाया असतात. ऑटोमॅटिक मेशर प्रामाणिक प्राणी आहे, तो त्या कोरीव अक्षरांवरही हजारो नोड उधळतो. ते सगळं काढा. ज्या गोलाईवर तुम्हाला ताण मोजायचाय, ती मात्र ठेवा.

पत्रा असेल तर घन तुकडे करूच नका. एक मीटर बाय एक मीटर, दोन मिलिमीटर जाड पत्रा. जाडीत दोनच तुकडे धरले, एक-एक मिलिमीटरचे, तरी वीस लाख एलिमेंट होतात. शेल एलिमेंट वापरा, दहा मिलिमीटरचे: दहा हजार एलिमेंट, १०,२०१ नोड. शेलच्या नोडला तीनऐवजी सहा अज्ञातं असतात, पण परवाना नोड मोजतो, अज्ञातं नाही. हा फायदा घ्यायला हरकत नाही.

यातली एकही युक्ती परवान्यासाठी शोधलेली नाही, हे मला आवर्जून सांगायचंय. टर्नर, क्लफ, मार्टिन आणि टॉप यांचा विमानाच्या सांगाड्यावरचा मूळ लेख १९५६ चा. फायनाइट एलिमेंट हे नाव क्लफ यांनी १९६० मध्ये दिलं. तेव्हाच्या संगणकाची मेमरी आज मनगटावरच्या घड्याळातही नगण्य वाटेल. मग विमानाचे भाग वेगळे सोडवून कडांवर जोडायची सबस्ट्रक्चरिंगची पद्धत आली, आणि गायन यांनी १९६५ मध्ये अज्ञातं कमी करायची रीत मांडली. ती हद्द लोखंडाची होती, आपली कागदाची आहे.

आणि आजही लोखंडाची हद्द गेलेली नाही. घन मॉडेलमध्ये तुकडा निम्मा केला की नोड आठपट होतात. थेट पद्धतीने सोडवताना मेमरी त्याच्या दुप्पट, म्हणजे सोळापट लागते, आणि वेळ चौसष्टपट. अमर्याद परवाना असलेला माणूसही एक-दोन पायऱ्यांनी भिंतीवर आदळतो.

आता ज्या गोष्टीमुळे हा विषय मला महत्त्वाचा वाटतो, ती सांगतो. नॉर्वेतली.

स्लाइप्नर ए नावाचा समुद्रातला तेल-वायू प्लॅटफॉर्म. त्याचा पाया काँक्रीटचा, २४ पोकळ कोठ्यांचा, सगळ्या एकमेकांना चिकटून. तीन गोल कोठ्या एकत्र येतात तिथे मध्ये एक छोटी तिकोनी पोकळी राहते. कोठीच्या आत हवा, आणि या तिकोनी पोकळीत वरून समुद्राचं पाणी. त्यामुळे पोकळीच्या भिंतींवर एका बाजूने पाण्याचा पूर्ण दाब. २३ ऑगस्ट १९९१ रोजी स्टाव्हँगरजवळच्या गान्सफ्योर्डमध्ये हा पाया चाचणीसाठी हळूहळू पाण्यात खाली उतरवत होते. एक भिंत फुटली, पाणी आत घुसलं, पंपांना ते आवरेना, आणि अख्खा पाया तळाला जाऊन चुरा झाला. माणसं वाचली. नुकसान सुमारे ७० कोटी डॉलर.

चौकशीत काय निघालं? पायाचं फायनाइट एलिमेंट विश्लेषण झालेलं होतं, नावाजलेल्या सॉफ्टवेअरवर. पण तिकोनी पोकळीच्या कोपऱ्यात जाळी जाड आणि तुकडे वेडेवाकडे होते. तिथला शिअरचा ताण ४७ टक्क्यांनी कमी आला. त्या भरवशावर भिंत पातळ ठेवली, शिवाय सळ्यांची पकडही अपुरी होती. अपघातानंतर त्याच जागेचं नीट विश्लेषण केलं, तर भिंत ६२ मीटर खोलीवर फुटेल असं उत्तर आलं. प्रत्यक्षात ती फुटली ६५ मीटरवर.

या आकड्यांकडे पुन्हा बघा. पद्धत चुकीची नव्हती, नीट वापरल्यावर तिने तीन मीटरच्या फरकाने उत्तर दिलं. परवान्याचा तर काही संबंधच नव्हता. एवढ्या प्रचंड पायाच्या मॉडेलमध्ये एलिमेंट कमी नसणार. जिथे हवे होते त्या एका कोपऱ्यात ते कमी पडले.

हे टाळायची रीत म्हणजे सबमॉडेलिंग, आणि हद्दीत काम करणाऱ्याला याहून उपयोगी काही नाही. आधी पूर्ण भागाचं जाड जाळीचं मॉडेल सोडवा. त्यात ताण बघू नका, कुठला बिंदू किती सरकला ते बघा. सरकण्याचं उत्तर जाड जाळीतही बरंच बरोबर येतं, ताणाचं येत नाही. मग संशयाचा कोपरा कापून वेगळा काढा, त्याला बारीक जाळी द्या, आणि कापलेल्या कडांवर मोठ्या मॉडेलमधली सरकणी लावा. दोन्ही मॉडेलं वेगवेगळी सुटतात, म्हणून प्रत्येकाला स्वतंत्र १,२८,००० नोड. कापायची जागा मात्र कोपऱ्यापासून पुरेशी लांब हवी. खात्री कशी करायची? कापलेल्या कडेवर दोन्ही मॉडेलमधला ताण जुळतोय का बघा. जुळला नाही तर कड अजून मागे न्या.

सममितीबद्दलही एक इशारा द्यायला हवा. पट्टीच्या उदाहरणात पाव भाग घेतला ते ओढण्याच्या प्रश्नात. तोच पाव भाग कंपनांसाठी किंवा बकलिंगसाठी वापरलात तर फसाल. पट्टी असममित आकारातही कंप पावू शकते, आणि पाव मॉडेलमध्ये ते सगळे आकार आपण अट घालून बंद केलेले असतात. सगळ्यात कमी वारंवारता नेमकी त्यांच्यातच असू शकते. संगणक तुम्हाला सांगणार नाही की एक उत्तर गायब आहे.

इथे थांबतो. प्रश्न घेऊ.

प्रश्न: सर, आमचं छोटं वर्कशॉप आहे. विद्यार्थी आवृत्तीत जॉबचं काम बसत असेल, तर त्यात केलं तर काय बिघडतं?

उत्तर: हद्द फक्त नोडची नसते. परवान्यात लिहिलेलं असतं की ही आवृत्ती शिकण्यासाठी आहे, धंद्यासाठी नाही. हजार नोडचं काम केलंत आणि गिऱ्हाइकाला रिपोर्ट दिलात, तरी तो भंग आहे. तोडलेला परवाना तर विचारूच नका. गिऱ्हाइकाने ऑडिट मागितलं तर दाखवाल काय? पर्याय आहेत ना. कॅल्क्युलिक्स मुक्त आहे, धोंट आणि विटिग या दोघांनी ते लिहिलं, आणि त्याची इनपुट फाइल अबॅकससारखीच असल्यामुळे सवय लवकर होते. फ्रान्सच्या वीज कंपनीचं, ईडीएफचं, कोड-अॅस्टर आहे. प्रवाहाचे प्रश्न असतील तर ओपनफोम, त्याचं शिक्षणाचं काम आपल्या पवईत आयआयटी मुंबईचा फॉसी प्रकल्प करतो. यांना नोडची हद्द नाही, तुमच्या रॅमची आहे. शिकायला वेळ जास्त लागतो, मेशिंगची सोय तेवढी गुळगुळीत नाही, हे मान्य. दोन-तीन महिने धरून चला.

प्रश्न: सर, माझ्या असेंब्लीत चाळीस बोल्ट आहेत. आटे काढले, तरी हद्दीत बसत नाही. नोड तर एक लाखच दिसतात.

उत्तर: एलिमेंट मोजलेत का? नोडप्रमाणे एलिमेंटचीही हद्द असते, आणि दोन भाग एकमेकांना टेकतात तिथे कॉन्टॅक्टसाठी सॉफ्टवेअर स्वतःहून जादा एलिमेंट घालतं, तेही मोजणीत येऊ शकतात. चाळीस बोल्ट, प्रत्येकाचे डोक्याखाली, नटाखाली, भोकात असे कॉन्टॅक्ट. आधी ठरवा की तुम्हाला बोल्टमधला ताण हवाय की प्लेटमधला. प्लेटमधला हवा असेल तर सगळे चाळीस बोल्ट बीम एलिमेंट करा, एका बोल्टला मोजके नोड पुरतात. आणि बीममधून प्रत्येक बोल्टचा ओढ-भार आणि शिअर थेट वाचता येतो. त्यातला सगळ्यात जास्त भार घेणारा एक बोल्ट निवडा, त्याच्या भोवतीचा प्लेटचा तुकडा कापा, आणि तेवढ्यातच खरा घन बोल्ट, कॉन्टॅक्ट, प्रीलोड सगळं घाला. उरलेल्या एकोणचाळिसांना बीमच राहू द्या.